क्रीम न घालता मलईदार व्हाइट सॉस पास्ता कसा करावा

घरी केलेल्या व्हाइट सॉस पास्त्याबद्दल दोनच तक्रारी ऐकू येतात. एक तर सॉसमध्ये गुठळ्या झाल्या, नाहीतर ताटात वाढेपर्यंत सगळ्याचा लगदा झाला. मग पुढच्या वेळी क्रीमचं पाकीट येतं, चीज दुप्पट होतं, कोणी कॉर्नफ्लोअर कालवून घालतं. यातलं काहीच लागत नाही. अर्धा लिटर दूध, जरासं लोणी आणि थोडा मैदा एवढ्यात उत्तम सॉस होतो. मैदा नीट शिजवायचा आणि सॉस पातळ वाटत असतानाच गॅस बंद करायचा, एवढं सांभाळलं की झालं.

हा सॉस मूळचा फ्रेंच बेशामेल. चौदाव्या लुईच्या दरबारातल्या लुई द बेशामेय यांचं नाव त्याला चिकटलं. इटलीत तो बेशामेल्ला होतो आणि सहसा ओव्हनमध्ये भाजायच्या पदार्थांत जातो. बोलोन्याच्या लझान्यात खिम्याच्या रस्स्याबरोबर त्याचे थर असतात. कढईत मका, ढोबळी मिरची आणि पेने या सॉसमध्ये घोळवून वर ऑरेगॅनो भुरभुरायचा, ही रीत आपल्याकडच्या कॅफेंची. मेनूकार्डावर त्यालाच कधी कधी अल्फ्रेडो म्हटलेलं असतं, पण रोमच्या मूळ अल्फ्रेडोत लोणी आणि पार्मेझान चीज असतं, दूध-मैदा नसतो.

काय काय घ्यायचं

तीन जणांसाठी 200 ग्रॅम पेने किंवा फुसिली, 500 मिलिलिटर दूध, 25 ग्रॅम मैदा आणि 25 ते 30 ग्रॅम लोणी. वजनकाटा नसेल तर मापाच्या मोठ्या चमच्याने तीन सपाट चमचे मैदा आणि दोन चमचे लोणी. चमचा सपाटच हवा. शीग लावून घेतला तर मैदा सहज दीडपट होतो आणि लगद्याची सुरुवात तिथेच होते. चार लसूण पाकळ्या, मिरपूड, चिमूटभर जायफळ, मीठ, आणि हवं असेल तर 40-50 ग्रॅम किसलेलं चीज.

दूध म्हशीचं किंवा फुल क्रीम असेल तर फारच छान, पण टोन्ड दुधाचाही सॉस बिघडत नाही, फक्त जरा हलका लागतो. आपल्याकडे दूध तापवून फ्रिजमध्ये ठेवलेलं असतं, त्यावरची साय आधी काढून घ्या. ती सॉसमध्ये गेली की तिचे पांढरे तुकडे होतात आणि उगाच गुठळ्या झाल्यासारखं दिसतं. पाकिटातल्या पिवळ्या बटरमध्ये बहुधा मीठ असतं, म्हणून सॉसमध्ये मीठ अगदी शेवटी, चव बघून. घरचं पांढरं लोणी चालतं. तूप घेतलं तर थोडं कमी घ्या, कारण लोण्यात पाणीही असतं, तुपात जवळजवळ नसतं.

आधी पास्ता आणि भाज्या

दोन लिटर पाणी खळखळ उकळू द्या, त्यात चार छोटे चमचे मीठ घाला. जास्त वाटेल, पण बरंचसं मीठ पाण्याबरोबरच जातं. आणि पास्ता आतून अळणी राहिला तर नंतर सॉसमध्ये कितीही मीठ घाला, तो अळणीच लागतो. पाण्यात तेल घालू नका, त्याने सॉस पास्त्याला धरत नाही. पाकिटावर दिलेल्या वेळेच्या दीड-दोन मिनिटं आधी एक तुकडा चावून बघा. मध्ये किंचित कडकपणा लागला की गाळून घ्या, कारण पुढे तो सॉसमध्येही शिजणार आहे. गाळण्यापूर्वी एक वाटी पाणी काढून ठेवायला विसरू नका. गाळलेला पास्ता नळाखाली धुण्याची सवय अनेक घरांत आहे, ती सोडा. वरचा स्टार्च धुऊन गेला की सॉस निसटतो.

भाज्या वेगळ्या कढईत, मोठ्या आचेवर, थोड्या तेलात परता. मश्रूमला भरपूर पाणी सुटतं, ते आटेपर्यंत परतलं नाही तर पुढे तेच पाणी सॉसमध्ये उतरतं. टोमॅटो मात्र या प्रकारात नको, दुधाशी त्याचं जमत नाही.

आता सॉस

जाड बुडाचं पातेलं मंद आचेवर ठेवा. लोणी वितळलं की बारीक चिरलेला लसूण घाला आणि वास सुटेपर्यंतच परता. लाल झालेला लसूण कडवटतो. आता सगळा मैदा एकदम घाला आणि लगेच व्हिस्कने किंवा लाकडी उलथन्याने हलवायला लागा.

लोणी आधी का? मैद्यातल्या स्टार्चचे कण गरम दुधातलं पाणी शोषून फुगतात आणि सॉस दाट होतो. कोरडा मैदा थेट गरम दुधात पडला, तर बाहेरचा थर क्षणात शिजून चिकट होतो आणि आतलं पीठ कोरडंच अडकून बसतं. गुठळी होते ती अशी. लोण्यात परतताना कण एकमेकांपासून सुटे होतात आणि दूध प्रत्येकापर्यंत पोचतं.

हे मिश्रण दोन मिनिटं मंद आचेवर बुडबुडू द्या. मैद्याचा कच्चा वास गेला पाहिजे, पण लाडवाच्या बेसनासारखा खमंगपणा येईपर्यंत थांबायचं नाही. रंग पांढरट-पिवळाच राहायला हवा. मैदा तांबूस झाला तर सॉस पांढरा राहत नाहीच, शिवाय त्याची दाटपणा आणण्याची ताकदही कमी होते.

आता दूध. दूध गार असावं की गरम, यावर मंडळी तावातावाने भांडतात. माझ्या मते फ्रिजमधून काढून थोडा वेळ बाहेर ठेवलेलं दूध सगळ्यात सोयीचं, कारण ते हळूहळू तापतं आणि हात चालवायला वेळ मिळतो. खरं महत्त्व आहे ते दूध किती वेगाने घालतो याला. आधी पाऊण वाटीच घाला. सगळं एकदम घट्ट होऊन गोळा होईल. घाबरू नका, तसंच व्हायला हवं. तो गोळा घोटून एकजीव झाला की पुन्हा पाऊण वाटी, पुन्हा घोटायचं. मिश्रण सरबरीत झालं की उरलेलं दूध धारेने घालायला हरकत नाही. पातेल्याच्या कडांना मैदा लपून बसतो, तिथे उलथनं फिरवा.

आच मध्यम करून सतत हलवत एक उकळी आणा. उकळीच्या जवळ आल्याशिवाय सॉस पूर्ण दाट होत नाही. ‘अजून पातळच आहे’ म्हणून आणखी मैदा घालण्याचा मोह होतो तो इथेच, आणि तो आवरायचा. उकळी आली की आच अगदी बारीक करून पाच-सहा मिनिटं शिजवा, तळापासून हलवत. दूध तळाला लागलं तर खरवडू नका, वरचा सॉस अलगद दुसऱ्या भांड्यात ओता. खरवडलंत तर करपलेला वास सगळ्या सॉसला लागेल.

पळी बुडवून बाहेर काढा आणि तिच्या पाठीवरून बोटाने रेघ ओढा. रेघ तशीच राहिली, पण सॉस पळीवरून सहज ओघळतोय, तर गॅस बंद. पास्ता सॉस शोषून घेतो आणि गार होताना सॉस आणखी घट्ट होतो, त्यामुळे पातेल्यात अगदी बरोबर वाटणारा सॉस ताटात नेहमीच जास्त झालेला असतो.

चीज घालायचं असेल तर आता, गॅस बंद केल्यावर. उकळत्या सॉसमध्ये चीज फुटून रवाळ होऊ शकतं. प्रोसेस्ड चीज सहज विरघळतं, मोझरेला तार धरतं. चव हवी असेल तर चेडर किंवा पार्मेझान. मिरपूड आणि जायफळ घाला. जायफळ ताजं किसून, चिमटीत मावेल एवढंच. पुरणपोळीच्या हाताने घातलंत तर पास्ता बासुंदीसारखा लागेल. ऑरेगॅनो, चिली फ्लेक्स शेवटी भुरभुरा. पिझ्झाबरोबर आलेल्या पुड्या खणात पडलेल्या असतातच.

पास्ता आणि भाज्या सॉसमध्ये घालून मंद आचेवर मिनिटभर घोळवा. घट्ट वाटलं तर राखून ठेवलेलं पाणी चमच्या-चमच्याने घाला. ते खारट असतं, म्हणून मिठाची चव त्यानंतरच बघा.

बिघडलंच तर

गुठळ्या राहिल्या असतील तर सॉस गाळून घ्या, किंवा कोमट झाल्यावर मिक्सरमधून एकदा फिरवा. पातळ राहिला तर आणखी थोडा आटवा. तरीही जमत नसेल तर मऊ लोणी आणि मैदा समप्रमाणात मळून त्याच्या बोराएवढ्या गोळ्या उकळत्या सॉसमध्ये एकेक करून विरघळवा, आणि पुन्हा चार मिनिटं शिजवा. कॉर्नफ्लोअरनेही दाटपणा येतो, पण तो चकचकीत आणि बुळबुळीत असतो. मला तो चायनीज सूपमध्येच बरा वाटतो. मैदा नकोच असेल तर कणीक चालते. रंग जरा मळकट येतो, चव मात्र छान लागते. गहूच वर्ज्य असेल तर सॉससाठी तांदळाची पिठी घ्या, आणि पास्ताही तांदळाचा किंवा मक्याचा.

सॉस आधी करून ठेवायचा असेल तर गरम असतानाच वरून लोण्याचा हात फिरवा, म्हणजे साय धरत नाही. पास्ता न मिसळता नुसता सॉस झाकून फ्रिजमध्ये दोन दिवस राहतो. बाहेर काढल्यावर खरवसासारखा घट्ट दिसेल. थोडं दूध घालून मंद आचेवर घोटत गरम केला की पुन्हा सैल होतो. मिसळलेला पास्ता उरला तर तो भाजायच्या भांड्यात पसरा, अर्धी वाटी दूध शिंपडा, वर चीज किसा आणि 200 अंशांवर तापलेल्या ओव्हनमध्ये वरून डाग पडेपर्यंत ठेवा.