एडझायझाला जाण्याआधी

एडझायझाला जायचे तर सॅक भरायच्या आधी विमान ठरवा. कॅनडातल्या ब्रिटिश कोलंबिया प्रांताच्या वायव्य भागात, टाल्टन या आदिवासी लोकांच्या भूमीतल्या या सुप्त ज्वालामुखीपर्यंत गाडीरस्ता नाही. हायवे ३७ गाठायचा, तिथून पाण्यावर उतरणाऱ्या छोट्या विमानाने मोवडेड तलाव, आणि मग आठवडाभर चालत उत्तरेकडचा बकली तलाव, असा नेहमीचा बेत असतो. जुलै-ऑगस्ट धरा. तेव्हाही बर्फ पडू शकतो, म्हणून डाउन जॅकेट, चांगला रेनकोट आणि वाऱ्यात टिकणारा टेंट यांत काटकसर करू नका.

ढग उतरले की विमान येत नाही. त्यासाठी दोन-तीन दिवसांचा शिधा जादा घ्या आणि तो वेगळा बांधून ठेवा. सह्याद्रीत वाट चुकली तरी खाली एखादी वाडी भेटते. इथे वाटेत वस्ती नाही. सॅटेलाइट मेसेंजर, म्हणजे मोबाइलची रेंज नसतानाही उपग्रहामार्फत निरोप पाठवणारे यंत्र, घरीच सुरू करून एक निरोप पाठवून बघा. कागदी नकाशाही हवा, कारण बराचसा मार्ग आखलेला नाही.

ग्रिझली अस्वलांचा हा मुलूख. पठारावर अन्न टांगायला झाड मिळत नाही, तेव्हा अस्वलाला उघडता न येणारा डबा लागेलच. बेअर स्प्रे (अस्वलाला पळवणारा तिखट फवारा) आणि स्टोव्हचा गॅस प्रवासी विमानात नेता येत नाहीत; ते स्मिदर्स किंवा टेरेस या गावांत विकत घ्या आणि स्प्रे जवळ असल्याचे छोट्या विमानाच्या पायलटला आधीच सांगा. बर्फाचे पाणी दुपारी चढते, त्यामुळे ओढे सकाळी ओलांडायचे. ट्रेकिंग पोल आणि पाण्यात घालायच्या सँडल त्यासाठीच.

टेंटखालची शीट जाड घ्या. जमिनीवर ऑब्सिडियनच्या, म्हणजे ज्वालामुखीच्या काळ्या काचेच्या, कपच्या पडलेल्या असतात. टेंट लावण्याआधी जागा हाताने नको, बुटाने साफ करा. टाल्टन पूर्वज हजारो वर्षे हीच काच घडवून हत्यारे करत आणि ती दूरवर पोचत असे. एकही कपची खिशात घालू नका, कितीही मोह झाला तरी. ईव्ह कोन हा जेमतेम १,३०० वर्षांचा राखेचा शंकू बघा, पण त्यावर चढू नका. भुसभुशीत उतारावर पावलांचे ठसे वर्षानुवर्षे राहतात.

वितळत्या बर्फाच्या कडेला घडवलेले लाकूड, शिवलेली साल किंवा चामडे दिसले तर हात लावू नका. अशा ठिकाणी सुमारे सात हजार वर्षांपर्यंत जुन्या वस्तू सापडल्या आहेत. फोटो घ्या, जीपीएसवर जागा नोंदवा आणि परतल्यावर इथल्या प्रांतीय उद्यानाच्या कार्यालयाला व टाल्टन प्रशासनाला कळवा. ढगांमुळे मुक्काम लांबू शकतो, म्हणून परतीचे तिकीट मात्र बदलता येणारेच काढा.