गांडुळाची नर्व्ह कॉर्ड सापडत नाय? या चुका टाळा

बेळगाव, खानापूर, निपाणीकडं पीयूसी (अकरावी-बारावी) नायतर बीएस्सीला झूऑलॉजी घेतलेल्या पोरांची तक्रार दरवर्षी ठरलेली, "सर गिझार्ड दिसतंय, हार्ट दिसतंय, नर्व्ह कॉर्ड तेवढी दिसंना की." दिसणार कशी, पाठीकडं शोधलं तर? आपला मज्जारज्जू पाठीत असतोय म्हणून गांडुळाचापण वरच असणार असं डोक्यात बसलेलं असतंय. फेरेटिमात, म्हणजे आपल्या सिलॅबसातल्या गांडुळात, ती कॉर्ड पोटाच्या बाजूनं जाते, आतून भरीव असते आणि मुळात दोन दोऱ्या जुळून झालेली असते.

2014 ला यूजीसीनं (विद्यापीठ अनुदान आयोगानं) प्राण्यांच्या डिसेक्शनवर बंदी घातली, त्यामुळं आता बहुतेकांच्या हातात चार्ट, स्लाइड आणि लॅबमध्ये आधीच कापून बाटलीत ठेवलेला जुना स्पेसिमेन एवढंच येतंय. कात्री चालवायच्या चुका गेल्या, बघायच्या चुका तशाच राहिल्या.

आधी पाठ कुठली आणि पोट कुठलं ते ठरवा. पाठीवरनं मधोमध एक काळपट रेघ जाते, ती डॉर्सल रक्तवाहिनी, आणि हिलाच नर्व्ह समजून पेन्सिलनं दाखवणारे निम्मे तरी असतात. पोटाकडं 17 आणि 19 व्या खंडात (अंगावरच्या कड्यात) जननपॅपिलांच्या (बारीक उंचवट्यांच्या) जोड्या दिसतात, मग शंकाच नको.

खरा घोळ पोटाकडं आल्यावर होतोय, कारण तिथं तीन गोष्टी एकावर एक आहेत. आतड्याच्या लगेच खाली व्हेंट्रल रक्तवाहिनी, तिच्या खाली नर्व्ह कॉर्ड, आणि कॉर्डच्या खाली चिकटून बारीक सबन्यूरल वाहिनी. आतडं हळूच उचललं की व्हेंट्रल वाहिनी त्याच्याबरोबर वर येते, कॉर्ड मात्र अंगाच्या भिंतीला धरून खालीच राहते, पांढरट, सरळ, शेवटच्या खंडापर्यंत गेलेली. जुन्या स्पेसिमेनात रक्तवाहिन्या तपकिरी-काळ्या पडलेल्या असतात, म्हणून रंग बघून बोला. आणि झुरळासारखे ठळक गँग्लिया (नर्व्हच्या गाठी) शोधत बसू नका, इथं प्रत्येक खंडात नुसता थोडा फुगवटा असतोय आणि त्यातनं नर्व्हच्या तीन जोड्या निघतात.

पुढचं टोक जरा किचकट. मेंदू म्हणजे सुप्राफॅरिंजियल गँग्लियाची जोडी, तिसऱ्या खंडात, बकल चेंबर (तोंडाची पोकळी) आणि फॅरिंक्स (घसा) यांच्यामधल्या खाचेत वर बसलेली. तिथनं दोन्ही बाजूंनी कनेक्टिव्ह (जोडणाऱ्या दोऱ्या) खाली उतरतात आणि चौथ्या खंडात फॅरिंक्सच्या खाली सबफॅरिंजियल गँग्लियाला मिळतात, झाली रिंग. ती दिसत नाय कारण फॅरिंक्सचे स्नायू आणि 4, 5, 6 खंडातले फॅरिंजियल नेफ्रिडियाचे (उत्सर्जनाच्या बारीक नळ्यांचे) झुपके तिला झाकून टाकतात. चार्ट काढताना रिंग फॅरिंक्सच्या पुढं हवेत तरंगत काढू नका, अन्नमार्ग तिच्या मधनं गेला पाहिजे, इथं मार्क जातात.

नेटवरचं चित्र उचलणाऱ्यांनी क्लायटेलम (अंगावरचा जाड पट्टा) बघावं. 14 ते 16 खंडात असेल तर आपला फेरेटिमा, 32 ते 37 असेल तर ते परदेशी ल्युम्ब्रिकस, त्याचे बाकीचे आकडे इथं चिकटवले की सगळंच गंडलं.

मेंदू काढला की गांडूळ थांबतंय, हेपण बिनधास्त लिहून मोकळे होतात. सुप्राफॅरिंजियल काढलं तरी ते सरपटत राहतंय, उलट जास्तच चुळबुळ करतंय, पण सबफॅरिंजियल गेलं की खाणं आणि बीळ करणं बसतंय. एका जुन्या प्रयोगात गांडुळाचे दोन तुकडे करून नुसत्या दोऱ्यानं जोडले तरी सरपटायची लाट मागच्या तुकड्यात गेली, कारण पुढच्यानं ओढलं की त्या ताणानंच मागच्या खंडाचा रिफ्लेक्स सुरू होतोय. मी तर म्हणतो मेंदूच्या आकृतीपेक्षा हे एवढं नीट समजून घ्या. बाकी जूनच्या पावसात खानापूरकडं रात्री अंगणात टॉर्चला लाल कागद लावून बघा, लाल उजेड त्याला फारसा जाणवत नाय, आणि बिळातनं निम्मं बाहेर आलेल्याच्या तोंडाकडं काडी लावली की गपकन आत. एवढी घाई जायंट फायबरमुळं (कॉर्डमधल्या जाड नर्व्हतंतूंमुळं), एकेका खंडात न थांबता निरोप सरळ मागं जातोय.

हेच फायबर स्लाइडवर दिसतात आणि तिथंच शेवटची चूक होते. आडव्या छेदात आतड्याच्या आत लोंबणारी घडी म्हणजे टिफ्लोसोल, ती पाठीच्या बाजूनं येते, म्हणून कॉर्ड तिच्या समोरच्या बाजूला आतड्याबाहेर शोधायची. कॉर्डच्या वरच्या कडेला जे गोल, रिकामे वाटणारे ठिपके दिसतात त्यांना रक्तवाहिनी नायतर फाटलेली स्लाइड म्हणून सोडून देतात, तेच जायंट फायबर, फेरेटिमात चार. लेबल करायचं असेल तर हायपॉवर लावूनच करा.