सोयाबीन तारण ठेवायचंय? रास होण्याआधी हे वाचा

आमच्या औसा तालुक्यात दसरा-दिवाळीच्या सुमाराला सगळ्यांच्या राशी, म्हणजे मळण्या, एकदमच होतात आणि पैसाही सगळ्यांना एकदमच लागतो. मळणीयंत्रवाला दारात उभा, काढणीचे मजूर हिशेब मागतात, कृषी केंद्राची उधारी, वर हरभऱ्याचं बी. मग ओलंसुलं सोयाबीन लातूरच्या आडतीत जातं आणि निघेल त्या भावाला सुटतं. आमच्या शेतकरी उत्पादक कंपनीचं गोदाम मी सांभाळते आणि दरवर्षी येणाऱ्या प्रत्येकाला एकच सांगते: पैसा आज लागतो म्हणून माल आजच विकावा लागतो असं नाही.

कृषी पणन मंडळाची शेतमाल तारण कर्ज योजना 1990-91 पासून चालू आहे. तरी अजून लोक विचारतात, "ताई, ही नवीन निघाली का?" बाजार समितीच्या किंवा वखार महामंडळाच्या गोदामात माल ठेवायचा आणि समितीकडून कर्ज घ्यायचं. सोयाबीन, तूर, मूग, उडीद, हरभरा, हळद यांना किमतीच्या 75 टक्के मिळतात. ज्वारी, बाजरी, मका, गव्हाला 50. व्याज 6 टक्के, मुदत 180 दिवस. गोदामाचं भाडं, राखण आणि विमा समितीकडे. माल शेतकऱ्याचाच हवा, व्यापाऱ्याचा चालत नाही.

तयारी मात्र रास झाल्यावर करायची नसते. सातबाऱ्यावर सोयाबीनचा पेरा दिसायला हवा, म्हणजे पीक शेतात उभं असताना ई-पीक पाहणी (मोबाइलवरून पिकाची नोंद) केलेली हवी. हमीभावाच्या केंद्रावर नाव नोंदवतानाही हीच नोंद विचारतात, त्यामुळे एका कामात दोन्ही वाटा मोकळ्या राहतात. आधार, पासबुक, सातबारा हे तर लागणारच. खरी अडचण बायकांची होते. नवरा जाऊन वर्षं झाली, शेत तीच कसते, पण वारसाचा फेरफार झालेला नाही. अशी बाई रास घालून दारात येते आणि कागदापायी परत जाते. मला त्याचं फार वाईट वाटतं. वारस नोंदीचा अर्ज तलाठ्याकडे उन्हाळ्यातच द्या. आणि नवरा हयात असेल तर लक्ष्मी मुक्ती योजनेतून सहहिस्सेदार म्हणून आपलं नाव लावून घ्या, आजच.

काढणीच्या आधी समितीत जाऊन दोन प्रश्न विचारा: यंदा तारणासाठी पैसा ठेवलाय का आणि गोदामात जागा आहे का. एका समितीत मी डोळ्यांनी पाहिलंय, भिंतीवर योजनेचा फलक आणि आत छतापर्यंत व्यापाऱ्यांची पोती. तिथे जागा नसेल तर जवळच्या वखार महामंडळाच्या गोदामात चौकशी करा. समितीकडे पैसा नसला तरी तिथल्या पावतीवर बँक कर्ज देते. व्याज जास्त पडतं, पण आडत्याच्या उचलीपेक्षा (आगाऊ पैशापेक्षा) बरं, कारण उचल घेतली की माल त्याच्याच दुकानात न्यावा लागतो.

आता ओलाव्याचं. दाणा दाताखाली धरून कट्ट आवाज आला की वाळला, असं आपण म्हणतो; गोदामात मशीनवर आकडा बघतात. सोयाबीन 12 टक्क्यांच्या आत हवं. रास झाल्यावर ताडपत्रीवर पातळ पसरून दोन-तीन उन्हं द्या, संध्याकाळी झाका, दव पडू देऊ नका. नमुना घेताना पोत्यात नळी खुपसतात. ती वरवरच्या दोन पोत्यांत नको, थप्पीतल्या वेगवेगळ्या पोत्यांत घालायला सांगा. पावतीवर वजन, पोत्यांची संख्या, ओलावा आणि काडीकचरा हे चारही लिहून घेतल्याशिवाय सही करू नका. घरच्या बियाण्याची पोती आधीच वेगळी काढा आणि जपून हाताळा. आपटली की सोयाबीनची उगवण जाते.

तारण ठेवावं की नाही, हे मात्र कागदावर मांडून ठरवा. समजा 30 क्विंटल माल आहे आणि भाव क्विंटलला 4,200. किंमत धरताना बाजारभाव आणि हमीभाव यांत जो कमी असेल तो धरतात. माल झाला 1,26,000 रुपयांचा, कर्ज मिळेल 94,500. चार महिन्यांचं व्याज 1,890. एवढंच बघून लोक खूश होतात आणि घट विसरतात. 12 टक्के ओलाव्याचा माल 10 टक्क्यांवर आला की 30 क्विंटलला साधारण 67 किलो कमी भरतात, म्हणजे 2,800 रुपये. व्याजापेक्षा घट महाग पडली! दोन्ही मिळून क्विंटलमागे दीडशेच्या वर गेले, गाडीभाडं आणि हमाली वेगळी. भाव निदान दोन-अडीचशेनं चढला तरच हाती काही उरतं.

आणि भाव चढेलच असं धरून चालू नका. 2021 च्या ऑगस्टात सोयाबीन दहा हजारांवर गेलं होतं, काढणीला ते भरभर उतरलं. 2024 च्या सप्टेंबरात केंद्रानं कच्च्या खाद्यतेलावरचं आयात शुल्क 5.5 वरून 27.5 टक्क्यांवर नेलं, सगळ्यांना वाटलं आता भाव सुटणार. हमीभाव 4,892 होता, बाजार हंगामभर त्याच्या खालीच राहिला. आपला भाव तेलाबरोबर पेंडीवरही ठरतो, आणि पेंडीला उठाव नसेल तर एकट्या तेलानं काही होत नाही.

म्हणून मी सगळा माल ठेवू देत नाही. शेजारच्या तात्यांना सांगितलं, निम्मा विका, देणी फेडा, निम्मा तारण ठेवा. तेही आधीच ठरवून, की अमुक भाव आला की सोडवायचा आणि नाही आला तरी 180 दिवसांच्या आत सोडवायचा. मुदत टळली की पुढच्या सहा महिन्यांना 8 टक्के आणि त्यानंतर 12 टक्के लागतात, शिवाय तोवर पावसाळा तोंडावर येतो. मध्येच हमीभावाच्या केंद्राकडून तुमच्या नंबराचा मेसेज आला, तर आधी कर्ज भरून माल सोडवा. तारणातला माल थेट केंद्रावर नेता येत नाही. सोडवताना पुन्हा वजन करून घ्या, पावतीशी ताडून बघा आणि कर्ज फिटल्याचा दाखला हातात आल्यावरच गाडी भरा.