युद्ध जिंकलं, पण शांतता टिकेल का? तह वाचायची माझी रीत

मी इतिहास शिकवते. लढाई शिकवायला घेतली की मुलांचे डोळे नकाशावर खिळतात. फौज कुठून आली, वेढा कसा पडला, पूल कोणी उडवला, सगळं त्यांना हवं असतं. तहाची कलमं आली की वह्या मिटायला लागतात. मला हे मनाला लागतं, कारण त्या मुलांच्या वयाच्या पुढच्या पिढीला पुन्हा लढावं लागणार की नाही, हे बहुतेक वेळा त्याच कलमांत ठरून गेलेलं असतं. म्हणून युद्धाचा शेवट कसा वाचायचा, याची मी एक रीत बसवली आहे. जुन्या युद्धांना ती लागू पडते, तशीच आज बातम्यांत येणाऱ्या युद्धबंदीलाही.

आधी सह्या बघा. कलमं नंतर.

११ नोव्हेंबर १९१८ ला फ्रान्समधल्या कॉंपिएन्यच्या जंगलात, रेल्वेच्या डब्यात, जर्मनीच्या वतीने युद्धबंदीवर सही करणाऱ्या शिष्टमंडळाचा प्रमुख होता माथियास एर्झबर्गर. तो राजकारणी, सेनापती नव्हे. युद्ध चालवणारा सेनापती हिंडेनबुर्ग तिथे फिरकलाच नाही. जर्मन सैन्य त्या दिवशीही परक्या भूमीवर उभं होतं, त्यामुळे घरी बसलेल्या जर्मन माणसाने पराभव डोळ्यांनी पाहिलेला नव्हता. वर्षभराने तोच हिंडेनबुर्ग चौकशी समितीपुढे सांगून आला की सैन्याच्या पाठीत खंजीर खुपसला गेला. हरण्याचं सगळं खापर सही करणाऱ्यांवर फुटलं. ऑगस्ट १९२१ मध्ये एर्झबर्गरचा खून झाला. व्हर्सायचा तह कडक होता म्हणून दुसरं महायुद्ध झालं, असं परीक्षेत लिहिलं की गुण मिळतात. पण माझ्या मते त्या तहाच्या आधी सात महिने, त्या डब्यातच, शांततेचा पाया कच्चा राहिला होता.

१९४५ मध्ये जेत्यांनी ती वाट टाळली. बर्लिनमधल्या शरणागतीच्या कागदावर फील्ड मार्शल कायटेलची सही आहे. २ सप्टेंबरला टोकियोच्या उपसागरात 'मिसूरी' युद्धनौकेवर जपानच्या दोन वेगवेगळ्या सह्या झाल्या: सरकारच्या वतीने परराष्ट्रमंत्री शिगेमित्सु यांची आणि लष्कराच्या वतीने जनरल उमेझु यांची. पुढे 'आम्ही हरलोच नव्हतो' असं म्हणायला लष्कराला जागाच उरली नाही.

सह्यांइतकंच महत्त्वाचं म्हणजे खोलीत कोण नव्हतं. तालिबानची सत्ता गेल्यावर डिसेंबर २००१ मध्ये बॉन शहरात अफगाणिस्तानचं भवितव्य ठरवायला बैठक झाली. हरलेल्या तालिबानला तिथे जागा नव्हती. तेव्हा ते योग्यच वाटलं असणार, आणि त्यामागचा संताप मला समजतो. पण ते संपलेले नव्हते, फक्त हटलेले होते. १५ ऑगस्ट २०२१ ला ते काबूलमध्ये परत आले. हरलेल्यांपैकी कोणाकडे अजून माणसं, शस्त्रं आणि लपायला मुलूख आहे, आणि त्यांच्याशी कोणी बोललं का, हे कागदावर लिहून काढा.

यानंतर माझ्या मते सगळ्यात मोलाचा प्रश्न येतो: हरलेला साधा शिपाई दुसऱ्या दिवशी सकाळी उठून काय करणार? राजधानीत काय ठरलं हे जरा बाजूला ठेवा. त्याच्या खिशात काय आहे, घरी कसा जाणार, कमावणार काय, एवढंच शोधा.

९ एप्रिल १८६५. अमेरिकेच्या यादवीत दक्षिणेचा सेनापती ली ॲपोमॅटॉक्स इथे एका घराच्या बैठकीत उत्तरेचा सेनापती ग्रँट याच्यापुढे शरण आला. अटी थोडक्या होत्या. शस्त्रं खाली ठेवा, पुन्हा लढणार नाही असा शब्द द्या, घरी जा. मग लीने एक गोष्ट सांगितली: आमच्याकडे घोडेस्वारांचे आणि तोफखान्याचे बरेच घोडे शिपायांच्या मालकीचे आहेत. ग्रँटने विचार केला की यातले बहुतेक लहान शेतकरी, पेरणीचे दिवस तोंडावर, घोडा नसेल तर पुढच्या हिवाळ्यापर्यंत घरचं भागणार कसं? जो शिपाई घोडा किंवा खेचर आपलं म्हणेल त्याला ते घरी नेऊ द्या, असं त्याने कबूल केलं. लीची माणसं उपाशी होती, त्यांच्यासाठी पंचवीस हजार शिधे पाठवले. उत्तरेच्या फौजेने विजयाच्या तोफा उडवायला सुरुवात केली, तर त्याने त्या थांबवल्या. दक्षिणेचं सैन्य डोंगरात शिरून वर्षानुवर्षं लढत राहील अशी भीती तेव्हा खरीच होती. तसं झालं नाही. कारणं अनेक असतील, पण नांगराला जुंपायला घोडा मिळालेला माणूस डोंगरात जात नाही, हे मी त्यात फार वरचं धरते.

आता २३ मे २००३ कडे या. इराकमधल्या अमेरिकी प्रशासनाने आदेश क्रमांक २ काढून इराकी सैन्य विसर्जित केलं. बगदाद पडून दीड महिनाही झाला नव्हता. काही लाख लोकांच्या पोटावर एका कागदाने पाय आला. मानधनाची घोषणा नंतर झाली, तीही निदर्शनं झाल्यावर. यांना शस्त्रं चालवता येत होती, दारूगोळ्याचे साठे कुठे आहेत ते माहीत होतं आणि अपमान ताजा होता. त्यांतले कित्येक पुढे बंडखोरांना जाऊन मिळाले. लढाई काही आठवड्यांत जिंकली गेली होती. युद्ध त्यानंतर सुरू झालं.

अटी वाचताना दोन रकाने करा: भरून निघणारं आणि न भरून निघणारं. १८६६ मध्ये प्रशिया या जर्मन राज्याने ऑस्ट्रियाला क्योनिगग्रेट्सला धूळ चारली. राजाला आणि सेनापतींना व्हिएन्नावर चालून जायचं होतं. प्रशियाचा पंतप्रधान बिस्मार्क आडवा पडला. शेवटी प्रशियाने ऑस्ट्रियाचा स्वतःसाठी तुकडाही घेतला नाही. चार वर्षांनी प्रशिया फ्रान्सशी भिडला तेव्हा ऑस्ट्रिया गप्प राहिला, आणि १८७९ मध्ये तर त्यांची युती झाली. पण १८७१ मध्ये फ्रान्सकडून त्याच बिस्मार्कच्या जर्मनीने पाच अब्ज फ्रँक घेतले आणि आल्सास व लोरेनचा भागही घेतला. पैसे फ्रान्सने १८७३ मध्येच, मुदतीआधी, चुकते केले. आल्सासचं दुखणं मात्र १९१४ पर्यंत ठसठसत राहिलं. म्हणून खंडणीचा आकडा मोठा दिसला तरी घाबरू नका. जमीन कोणाची गेली आणि तिथल्या लोकांना कोणी विचारलं का, यावर बोट ठेवा.

इथे वर्गात हमखास एक हात वर येतो: मग १९४५ मध्ये तर पुरता चुराडा केला, तरी शांतता कशी टिकली? प्रश्न रास्त आहे. तिथे जेते घरी गेले नाहीत. १९४८ पासून मार्शल योजनेतून पश्चिम युरोपात सुमारे १३ अब्ज डॉलर ओतले गेले, त्यात पश्चिम जर्मनीही होता. १९५३ च्या लंडन करारात जर्मनीचं जुनं कर्ज जवळपास निम्म्यावर आणलं. जपानवरचा ताबा एप्रिल १९५२ पर्यंत राहिला, तोवर नवी राज्यघटना लागू होऊन पाच वर्षं होत आली होती. शिवाय सोव्हिएत संघाची भीती जेत्याला आणि हरलेल्याला सारखीच होती. चुराड्याचं उदाहरण देणाऱ्याने हा पुढचा हिशोबही मांडला पाहिजे.

तरीही ही रीत आंधळेपणाने वापरू नका. शांतता कोणासाठी, हे दर वेळी विचारा. ॲपोमॅटॉक्सनंतर गोऱ्यांच्या दोन फौजांत समेट झाला, पण मुक्त झालेल्या कृष्णवर्णीयांना दिलेला शब्द १८७७ मध्ये संघराज्याचं सैन्य मागे आल्यावर वाऱ्यावर गेला. त्यांच्या मताधिकाराला कायद्याचं खरं बळ १९६५ मध्ये मिळालं. तोफा थंडावल्या होत्या, पण त्यांच्यावरचा अत्याचार चालूच होता. याला शांतता म्हणताना माझी जीभ अडखळते.

आणि एकाच विजयाचे निरनिराळे तुकडे वेगवेगळे वाचा. जून १९६७ च्या सहा दिवसांत इस्रायलने सिनाई घेतलं, वेस्ट बँक आणि गाझाही घेतलं. सिनाईसाठी आणखी एक युद्ध झालं, मग १९७९ मध्ये इजिप्तशी तह झाला, एप्रिल १९८२ मध्ये इस्रायली सैन्य परतलं आणि देखरेखीला बहुराष्ट्रीय दल बसलं. तो तह आजवर टिकला. वेस्ट बँक आणि गाझाचा प्रश्न सुटला नाही, तिथे रक्त वाहतच राहिलं. सैन्य तेच, विजय तोच. फरक शोधायचा तो पुढच्या वर्षांत, कोणी काय सोडलं यात.

निकाल लगेच लिहू नका. १९२५ मध्ये जर्मनीच्या पश्चिम सीमेची हमी देणारे लोकार्नोचे करार झाले तेव्हा युरोप स्थिरावला असं शहाण्यासुरत्या लोकांना वाटत होतं. मी तहाच्या नोंदीखाली एक वर्ष, पाच वर्षं आणि वीस वर्षं असे तीन कोरे चौकोन ठेवते. त्यात तीनच गोष्टी भरते: सैनिकांना काम मिळालं का, विस्थापित घरी परतले का, आणि हरलेल्या बाजूच्या शाळेत मुलांना त्या युद्धाबद्दल काय शिकवलं जातंय.