गावात पहिला परफॉर्मन्स करताना आणि त्याचा व्हिडिओ जपताना

परफॉर्मन्स म्हणजे कलाकारानं लोकांसमोर स्वतःच्या अंगानं केलेली कृती, तीच कलाकृती. त्याला गॅलरी लागते, हे आधी डोक्यातून काढा. आमच्या परभणीकडं मोंढा आहे, आटलेल्या विहिरी आहेत, एसटी स्टँड आहे. जागा ठरली की तिथल्या माणसांना काय करणार ते सांगा. मोंढ्यात हमालांना विचारल्याशिवाय पोत्याला हात लावू नका. त्यांचा होकार मला कुठल्याही परवानापत्रापेक्षा मोठा वाटतो.

कृती एकच घ्या. रिकामी घागर डोक्यावर घेऊन टँकर थांबतो तिथपर्यंत सावकाश चालत जायचं, एवढं पुरे. २०१६ साली लातूरला रेल्वेनं पाणी आलं होतं, हे इथल्या बघणाऱ्याला वेगळं सांगावं लागत नाही.

कॅमेरा स्टँडवर, पूर्ण अंग दिसेल असा लावा आणि मधे बंद करू नका. दुसरा फोन मित्राकडं द्या, त्यानं फक्त हात-पाय टिपावेत. मे महिन्यात सकाळी आठच्या आत उरका, नंतर फोन तापून बंद पडतो. माईकवर स्पंज हवाच. माळावरचा वारा आवाज खाऊन टाकतो. चित्रात बिघाड आला तरी लगेच पुसू नका. अमेरिकन व्हिडिओ-परफॉर्मन्स कलाकार जोन जोनास यांनी १९७२ मध्ये टीव्हीवरचं सरकत राहणारं चित्रच कामाचा ठेका केला होता.

मूळ फाइल दोन हार्ड डिस्कवर, दोन वेगळ्या घरांत ठेवा. व्हिडिओ विकण्याआधी त्याच्या एकूण किती प्रती विकायच्या ते ठरवा, तीन किंवा पाच, आणि प्रमाणपत्रावर प्रतीचा क्रमांक टाका. व्हॉट्सअ‍ॅपवर मिनिटभराचाच तुकडा पाठवा. अनुदानासाठी बेंगळुरूच्या इंडिया फाउंडेशन फॉर द आर्ट्सकडं मराठीतूनही अर्ज करता येतो.