सापाच्या पेटीतले माइट्स: जळगाव-धुळ्याच्या उन्हाळ्यात काय करावे

पाळलेला बॉल पायथन (अजगराच्या जातीचा बिनविषारी साप) दिवसभर पाण्याच्या भांड्यातच पडून राहू लागला, तर उकाड्याला दोष देण्याआधी त्याच्या डोळ्यांभोवती आणि हनुवटीखाली बघा. खसखशीएवढे काळे ठिपके चालताना दिसले, तर ते माइट्स, म्हणजे सापाचे रक्त पिणारे बारीक जीव.

सापाला २८ ते ३० अंशांच्या कोमट पाण्यात, अंगाच्या निम्म्या जाडीपर्यंत, अर्धा तास ठेवा. तिथून हलू नका. वाचलेले माइट्स डोक्याकडे पळतात, म्हणून डोके ओल्या फडक्याने पुसा.

खरे काम पेटीचे. मादी अंडी फटींत घालते, त्यामुळे नुसता साप धुऊन काहीच साधत नाही. आतला भुसा पिशवीत बांधून घराबाहेर टाका. कोपरे, सरकत्या काचेच्या खाचा गरम साबणपाण्याने घासा. मे महिन्याचे ऊन रिकामी पेटी वाळवायला उत्तम. साप आत असताना मात्र जीवघेणे. मग फक्त पांढरा कागद अंथरा, ठिपके लगेच दिसतात. तो दर तीन दिवसांनी बदला, किमान महिनाभर.

गोठ्यातले गोचिडांचे औषध सापावर मारू नका. आयव्हरमेक्टिन हे परजीवी मारणारे औषध पशुवैद्याशिवाय नाही, आणि कासवाला तर कधीच नाही.