कल्पित जगासाठी कालगणना कशी रचावी

कादंबरीसाठी किंवा खेळासाठी नवं जग उभं करताना बहुतेक जण महिन्यांच्या नावांपासून सुरुवात करतात. नावं छान जमतात आणि दहाव्या प्रकरणात दोन पौर्णिमा आठवड्याच्या अंतराने येतात. नावं शेवटी ठेवा. आधी आकाश.

पायरी १ : दोन आकडे ठरवा. वर्ष किती दिवसांचं, आणि एका पौर्णिमेपासून दुसरीपर्यंत किती दिवस. एका आकड्याने दुसऱ्याला नि:शेष भाग जाऊ देऊ नका. पृथ्वीवर वर्ष सुमारे ३६५.२४२२ दिवसांचं आणि चांद्रमास सुमारे २९.५३ दिवसांचा. बारा चांद्रमास ३५४ दिवसांतच संपतात, म्हणजे दरवर्षी जवळपास ११ दिवस उरतात. जगातल्या बहुतेक कालगणना या उरलेल्या दिवसांचं काय करायचं, यावरून वेगळ्या झाल्या आहेत. हिजरी कालगणना ते दिवस सोडून देते, त्यामुळे तिचे महिने सगळ्या ऋतूंमधून फिरतात. पंचांग अधिकमास घालतं. प्राचीन इजिप्तने ३० दिवसांचे बारा महिने घेऊन वर ५ दिवस जोडले, पण पाव दिवसाकडे दुर्लक्ष केलं. परिणामी पुराच्या नावाचा ऋतू पुढे भलत्याच हंगामात येऊ लागला.

दोन-तीन चंद्र घालायचा मोह होतो. एकाचं गणित सुटेपर्यंत तो आवरा.

पायरी २ : उरलेले दिवस मांडा. उदाहरणासाठी सोपे आकडे घेऊ. वर्ष ३७६.२ दिवसांचं, चांद्रमास २८.५ दिवसांचा. महिने आलटूनपालटून २८ आणि २९ दिवसांचे ठेवले की चंद्र सांभाळला जातो. तेरा महिने झाले ३७०.५ दिवस, उरले ५.७. पाच वर्षांत हे साठून बरोबर २८.५ होतात, म्हणजे दर पाच वर्षांनी एक जादा महिना. पण तो पाचव्या वर्षाच्या अखेरीला येत असेल, तर पाचव्या वर्षाचा पहिला दिवस ऋतूच्या मानाने सुमारे २३ दिवस लवकर पडतो. पेरणीचा सण ठरलेल्या तारखेला आणि शेतात अजून बर्फ! असं वर्ष कथेसाठी सोन्यासारखं.

पायरी ३ : तो महिना कोण जाहीर करतं ते ठरवा. माझ्या मते सगळ्यात जास्त वेळ इथेच द्यावा. रोममध्ये जादा महिना घालायचा की नाही हे पुरोहितमंडळ ठरवत असे, आणि त्याचा वापर मर्जीतल्या अधिकाऱ्याची मुदत लांबवायला किंवा विरोधकाची आखडायला होई. गोंधळ इतका साचला की ज्युलियस सीझरला इ.स.पू. ४६ हे वर्ष ४४५ दिवसांचं करून तो निस्तरावा लागला. तुमच्या जगात हे प्रश्न विचारा : जादा महिन्याचं भाडं, व्याज, पगार धरतात का? त्यात जन्मलेल्याचा वाढदिवस कधी? शेजारच्या राज्याने तो महिना पाळायला नकार दिला, तर तहाची मुदत कोणत्या दिवशी संपते? उत्तरं लिहून काढलीत की निम्मं राजकारण आपसूक तयार होतं.

पायरी ४ : आठवडा. याला आकाशाचा आधार लागत नाही. बाजार, विश्रांती किंवा धर्म पुरेसा असतो. रोमन लोकांचं बाजारचक्र आठ दिवसांचं होतं. फ्रेंच क्रांतिकारकांनी १७९३ मध्ये दहा दिवसांचा आठवडा आणला, तो लोकांच्या अंगवळणी पडलाच नाही. आपल्या उदाहरणात पाच वर्षांचे दिवस होतात १८८१. आठवडा नऊ दिवसांचा घेतला तर पूर्ण भाग जातो आणि प्रत्येक चक्र त्याच वारी सुरू होतं. नीटनेटकं, पण निरस. आठ दिवसांचा घेतला तर एक दिवस उरतो, आणि वार, महिना, ऋतू यांचा मेळ पुन्हा बसायला ४० वर्षं लागतात. माया संस्कृतीत २६० आणि ३६५ दिवसांची दोन चक्रं अशीच सुमारे ५२ वर्षांनी जुळत. आयुष्यात एकदा, फार तर दोनदा दिसणारा दिवस तुम्हाला फुकटात मिळतो.

पायरी ५ : सन. वर्षं कुठून मोजायची? एकच सन सगळीकडे चालतो असं दाखवलंत तर ते खोटं वाटेल. एखाद्या राज्यात ‘राजाच्या सातव्या वर्षी’ अशी नोंद असू द्या, दुसरीकडे देवळाचा वेगळा सन. आणि सन सुरू झाला त्या दिवशीच लोकांना तो ठाऊक होता, असं समजू नका. इसवी सनाची मोजणी सहाव्या शतकात मागे जाऊन ठरवली गेली.

नावं आता ठेवा. लहान, तोंडात बसणारी, आणि तेरापैकी कथेत लागतील तेवढीच. दिवस सूर्योदयाला बदलतो, सूर्यास्ताला की मध्यरात्री, हेही याच बैठकीत ठरवा.

शेवटची पायरी : तपासणी. निदान एका पूर्ण चक्राचा तक्ता बनवा : दिवस, वार, महिना, चंद्राची कला, ऋतू. कथेतला प्रत्येक प्रवास, गरोदरपण आणि युद्ध त्यावर मांडा. वयांकडे विशेष लक्ष द्या. वर्ष ५०० दिवसांचं असेल आणि दिवस आपल्याइतकाच मोठा, तर तिथली सोळा वर्षांची मुलगी आपल्या हिशेबाने जवळपास २२ वर्षांची बाई असते. अशा वेळी कथेत आकडा न देता ‘नुकतीच वयात आलेली’ एवढंच लिहावं, आणि तक्ता स्वतःजवळ ठेवावा.